दोन लाखांचा विशाळगड

तोरण्याला जाणाऱ्या प्रत्येक ग्रुपमध्ये एक तरी माणूस असा असतो, जो बिनी दरवाजापाशी दम खाताखाता सांगतो, "औरंगजेबानं लढून घेतलेला हा एकमेव किल्ला बरं का!" आमच्या ग्रुपमध्ये तो माणूस मी असतो. चार-पाच वेळा तरी हे वाक्य मी त्याच जागी, त्याच थाटात म्हटलं आहे. ऐकणारे मान डोलावतात, कुणीतरी दरवाजाचा फोटो काढतं आणि आम्ही पुढे निघतो.

मागच्या पावसाळ्यात माझी मामेबहीण सोबत होती. बी.कॉम.ला आहे. तिनं मान डोलावली नाही. "दादा, मग बाकीचे कसे घेतले?"

"फितुरीनं. पैसे चारून."

"कितीला?"

मला सांगता येईना. खरं तर प्रश्नच जरा आगाऊ वाटला. किल्ल्याची किंमत काय विचारतेस, हे काय फ्लॅट आहेत? पण खाली वेल्ह्यात येऊन चहा घेईपर्यंत तो प्रश्न डोक्यातून गेला नाही. इतकी वर्षं मी 'एकमेव' या शब्दावर जोर देत होतो आणि त्या शब्दाचा दुसरा अर्थ मला दिसलाच नव्हता. एक लढून घेतला, म्हणजे बाकीचे विकत घेतले. विकत घेतले, म्हणजे कुणीतरी विकले. आणि विकणारे आपलेच होते.

घरी येऊन पुस्तकं काढली. पुढचं सगळं त्या 'कितीला?'चं उत्तर आहे.

पावत्यांची यादी

आधी थोडी पार्श्वभूमी. १६८१च्या अखेरीस औरंगजेब दख्खनेत उतरला. १६८६मध्ये त्यानं विजापूर घेतलं, १६८७मध्ये गोवळकोंडा. गोवळकोंड्याचा वेढा आठ महिने चालला. सुरुंग फसले, छावणीत दुष्काळ पडला, रोगराई झाली. शेवटी एका रात्री अब्दुल्ला पनी नावाच्या अफगाण सरदारानं आतून दिंडी उघडून दिली. त्याच्याशी सौदा झालेला होता. आत जी लूट मिळाली तिच्यातली नुसती रोकड जदुनाथ सरकारांच्या मते सुमारे सात कोटी रुपये होती. आठ महिन्यांत तोफांना जे जमलं नाही ते एका माणसाच्या खिशानं केलं, आणि परतावा सात कोटी. बादशहानं यातून काही धडा घेतला असेल तर त्याला दोष देता येणार नाही.

१६८९मध्ये संभाजी महाराजांची हत्या झाली, रायगड पडला, राजाराम महाराज जिंजीला गेले. जिंजीचा वेढा १६९०पासून १६९८पर्यंत रेंगाळला आणि किल्ला पडायच्या आधी राजाराम महाराज तिथून निसटलेले होते. मग १६९९च्या अखेरीस, वयाच्या ८१व्या वर्षी, औरंगजेब भीमेकाठच्या ब्रह्मपुरीच्या छावणीतून स्वतः बाहेर पडला. उद्देश एकच. सह्याद्रीतले मराठ्यांचे किल्ले एकेक करून घ्यायचे.

सातारा, एप्रिल १७००. परळी, म्हणजे आपला सज्जनगड, जून १७००. पन्हाळा, मे १७०१. विशाळगड, जून १७०२. सिंहगड, एप्रिल १७०३. राजगड, फेब्रुवारी १७०४. तोरणा, मार्च १७०४.

साडेचार वर्षांत सात मोठे किल्ले. नकाशावर बघितलं तर दणदणीत मोहीम वाटते. पण फारसी साधनं आयुष्यभर चाळलेले जदुनाथ सरकार इथे एक वाक्याचा शेरा मारून जातात. त्याचा मतितार्थ असा, की यातला तोरणा तेवढा जबरदस्तीनं घेतला, बाकीचे काही काळ लढून पैसे घेऊन स्वाधीन झाले. बिनी दरवाजापाशी मी जे सांगतो, त्याचा उगम हा आहे.

लढाई झालीच नाही असं मात्र नाही. साताऱ्याला मोगलांनी तटाखाली सुरुंग लावले. पहिला उडाला तेव्हा आतले मराठे गाडले गेले. दुसऱ्याचा तट बाहेरच्या बाजूला कोसळला आणि हल्ल्यासाठी दाटीवाटीनं उभे असलेले सुमारे दोन हजार मोगल सैनिक त्याखाली मेले. त्यानंतर आठवड्याभरात किल्लेदार सुभानजी शहजादा आझममार्फत बोलणी करून खाली उतरला. किल्ल्याला नाव मिळालं 'आझमतारा'.

दोन हजार माणसं आधी, बोलणी नंतर. हा क्रम लक्षात ठेवा, पुढे लागेल.

छावणीचं बिल

यादीतला एकच आकडा अगदी स्पष्ट सापडतो. तो विशाळगडाचा.

विशाळगड, म्हणजे जुना खेळणा, आंबा घाटाच्या अंगाला, जंगलात आणि दऱ्यांमध्ये बसलेला. १७०१च्या डिसेंबरात वेढा पडला. आधी घाटातली वाटच कापून काढावी लागली, मग तोफा चढवल्या, लाकडी छपरांचे मोर्चे सरकवत पुढे नेले. आंबेरचा राजा जयसिंग, ज्यानं पुढे जयपूर वसवलं आणि जंतरमंतर बांधलं तोच, तेव्हा १३ वर्षांचा होता. त्याच्या रजपुतांनी कोकण दरवाजासमोरचा तटबंद भाग घेतला. एवढं होऊनही किल्ला उभाच राहिला. शेवटी जून १७०२मध्ये बादशहाचा नातू बेदारबख्त यानं मध्यस्थी केली. गडावर परशुराम त्र्यंबक होते. दोन लाख रुपये ठरले. बेदारबख्ताचं निशाण तटावर लागलं आणि काही दिवसांत शिबंदी रात्रीच्या वेळी सुखरूप निघून गेली.

दोन लाख! ऐकायला केवढी रक्कम. पण मामेबहिणीचा प्रश्न वाणिज्य शाखेचा होता, म्हणून मी त्या दोन लाखांची फोड केली.

मोगल फौज मनसबदारीवर चाले. मनसबदारानं अमुक इतके घोडेस्वार बाळगायचे आणि त्यासाठी त्याला जहागीर किंवा रोख मिळायची. एका स्वारामागे ठरलेला दर वर्षाला आठ हजार दाम. हिशेबात चाळीस दामांचा रुपया धरत. म्हणजे स्वारामागे वर्षाला दोनशे रुपये. प्रत्यक्षात यात कपात होई, पण दर म्हणून हाच आकडा.

आता फौज किती? जेमेली करेरी नावाचा इटालियन प्रवासी १६९५मध्ये कृष्णाकाठी गलगलीच्या छावणीत गेला होता. त्याच्या नोंदीप्रमाणे साठ हजार घोडदळ, एक लाख पायदळ, पन्नास हजार उंट, तीन हजार हत्ती. व्यापारी, कारागीर, नोकरचाकर धरून पाच लाखांचं चालतं शहर, तीस मैलांच्या घेराचं. प्रवासी थोडं फुगवून सांगतात हे मान्य, पण तूर्त हाच आकडा घेऊ.

साठ हजार स्वार गुणिले दोनशे रुपये म्हणजे वर्षाला एक कोटी वीस लाख. महिन्याला दहा लाख. दिवसाला तेहतीस हजारांच्या वर.

म्हणजे विशाळगडाचे दोन लाख हा बादशहाच्या घोडदळाचा सहा दिवसांचा पगार होता.

सहा दिवस. वेढा चालला होता सहा महिने. करेरीचा आकडा चौपट फुगवलेला धरला तरी लाचेची रक्कम चोवीस दिवसांच्या पगाराइतकी येते, आणि यात पायदळ, तोफखाना, हत्ती, दाणागोटा, दारूगोळा काहीच धरलेलं नाही. विशाळगडाहून परत फिरताना पावसानं छावणीला असं गाठलं, की पन्हाळ्यापर्यंतचं सुमारे तीस मैलांचं अंतर कापायला ३८ दिवस लागले. ओढ्यांना आलेल्या पुरांत माणसं, जनावरं, सामान वाहून गेलं. नुसतं परतीच्या वाटेवर जेवढं बुडालं, तेवढ्यात असे आणखी किती विशाळगड आले असते कोण जाणे.

हे गणित मांडल्यावर मला पहिल्यांदा जाणवलं, की बादशहाच्या बाजूनं बघितलं तर लाच ही नैतिक पडझड वगैरे काही नव्हती. त्याच्या सगळ्या लष्करी खर्चातली ती सगळ्यात फायदेशीर बाब होती.

मग पहिल्याच दिवशी का नाही?

सहा दिवसांच्या पगारात किल्ला मिळतो, तर सहा महिने थांबायचं कशाला? पहिल्याच दिवशी थैली पाठवायची.

याचं एक उत्तर तारखांमध्ये आहे. वरची यादी पुन्हा बघा. एप्रिल, जून, मे, जून, एप्रिल. सातपैकी पाच किल्ले उन्हाळ्याच्या टोकाला किंवा पावसाच्या तोंडावर गेले आहेत. हा योगायोग नाही. डिसेंबरात वेढा पडतो तेव्हा किल्लेदाराकडे धान्य भरपूर असतं आणि बादशहाकडे वेळ भरपूर असतो. तेव्हा दोघांनाही सौदा नको असतो. जून आला की किल्ल्यावरची बेगमी संपत आलेली असते, पण बादशहाची घाई त्याहून मोठी असते. सह्याद्रीतल्या पावसात पाच लाखांची छावणी म्हणजे काय, हे त्याला कळून चुकलेलं असतं. दोघांच्या अडचणी ज्या दिवशी भेटतात त्या दिवशी भाव फुटतो.

म्हणजे वेढा हीच घासाघीस होती. तोफा, सुरुंग, ते दोन हजार मेलेले लोक, हे सगळं किंमत ठरण्याआधीचं बोलणं होतं. जे दोघं शेवटी सौदा करणार होते त्यांच्यापैकी कुणीही त्या मातीखाली गाडलं गेलं नाही, हे लिहिताना बरं वाटत नाही, पण ते खरं आहे.

दुसरं उत्तर छावणीतच होतं. भीमसेन सक्सेना नावाचा बुऱ्हाणपूरचा कायस्थ या मोहिमांमध्ये दलपतराव बुंदेल्याच्या पदरी कारकुनी करत होता. त्यानं फारसीत आठवणी लिहिल्या आहेत. जिंजीबद्दल तो साफ लिहितो, की सेनापती झुल्फिकारखानानं मनात आणलं असतं तर किल्ला खूप आधी घेतला असता, पण काम लांबवणं ही सेनापतींची रीतच आहे. वेढा चालू तोवर हुद्दा, जहागीर, खर्चाचा पैसा, बाजारातली पत, सगळं चालू. किल्ला पडला की पुढची नेमणूक कुठे होईल सांगता येत नाही. आठ वर्षांचं काम असलेला माणूस ते आठ महिन्यांत का संपवेल?

आणि हजेरीचा खेळ वेगळाच. मनसबदारानं शंभर स्वारांचे पैसे घ्यायचे आणि पन्नास-साठच ठेवायचे, हा रोग जुना. तो थांबवायला अकबरानं घोड्यांना डाग देण्याची आणि स्वारांची चेहरेपट्टी लिहून ठेवण्याची पद्धत आणली होती. पण दख्खनेत वेगळीच कोंडी झाली. मनसबदाराची जहागीर कागदावर जेवढी होती तेवढं उत्पन्न येईना, कारण मराठे चौथाई आणि सरदेशमुखी घेऊन जात, म्हणजे शेकडा पस्तीस. उत्पन्न कमी म्हणून स्वार कमी. स्वार कमी म्हणून मराठ्यांना अडवता येईना. अडवता येईना म्हणून उत्पन्न आणखी कमी. काही जहागीरदारांनी यातून सोपी वाट काढली आणि मराठ्यांशी परस्पर समजूत करून टाकली. हे पैसे घ्या, आमच्या गावांना हात लावू नका. ज्या शत्रूशी लढण्यासाठी पगार मिळतो, त्याच शत्रूला त्या पगारातला वाटा.

तेव्हा किल्लेदारानं दोन लाख घेतले यात नवल ते काय? त्या अख्ख्या युद्धात रोख पैसे घेऊन काम करणारा तो बहुधा सगळ्यात सरळ माणूस होता.

आमचे लोक

हे शेवटचं वाक्य लिहिलं आणि थांबलो. कारण मला सोयीचं असेल ते लिहून मोकळं होणं फार सोपं आहे.

परशुराम त्र्यंबक कोण होते? साताऱ्याजवळच्या किन्हईचे. ताराबाईंच्या कारभारातले एक प्रमुख आधारस्तंभ, पुढे प्रतिनिधी. फितूर म्हणून त्यांचं नाव कुणी घेत नाही, आणि घेऊही नये, कारण दोन लाख घेतल्यावर ते बादशहाकडे गेले नाहीत. ते पुन्हा ताराबाईंकडेच आले, पुन्हा लढले, आणि पुढच्या वर्षांत गेलेले किल्ले परत मिळवण्यात त्यांचा मोठा वाटा होता. याचा सरळ अर्थ लावला तर हे फितूर नव्हतं, धोरण होतं. किल्ला जमेल तितका लढवायचा, पावसापर्यंत शत्रूचं जमेल तितकं नुकसान करायचं, आणि धान्य संपलं की माणसं न गमावता, वर पैसे घेऊन खाली उतरायचं. माणसं वाचली, पैसा आला, किल्ला नंतर बघू. बादशहावर बसवलेला तो एक करच होता म्हणा ना.

मला हा अर्थ आवडतो. बिनी दरवाजापाशी सांगायलाही छान आहे. पण तो पुरा पडत नाही.

कारण शिवाजी महाराजांनी गडाचा कारभार ज्या भीतीवर उभा केला होता, ती भीती नेमकी हीच होती. सभासद बखर सांगते, की गडावर हवालदार, सरनोबत आणि सबनीस हे एका दर्जाचे ठेवले होते, म्हणजे एकट्याच्या मनात आलं तरी एकट्याला गड देता येऊ नये. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात बदल्यांची मुदतही दिलेली आहे. हवालदार तीन वर्षांनी बदलायचा, सरनोबत चार, सबनीस आणि कारखाननीस पाच. मुदती मुद्दाम वेगवेगळ्या, कारण सगळे एकदम बदलले तर कारभार खोळंबतो आणि कुणीच बदललं नाही तर संगनमत होतं. आजच्या बँकांमध्ये तिजोरीच्या दोन किल्ल्या दोघांकडे असतात, त्यातलाच हा विचार. माणूस चांगला असेल या भरवशावर महाराजांनी गड ठेवला नव्हता.

मग १७००मध्ये तो विचार कुठे गेला? तो परवडेनासा झाला होता. शिवाजी महाराज रोख पगार देत आणि वतन देण्याचं टाळत. राजाराम महाराजांकडे खजिनाच उरला नव्हता. त्यांच्याकडे द्यायला होती ती फक्त आश्वासनं. जून १६९१मध्ये त्यांनी हणमंतराव घोरपड्यांना जे अभिवचन दिलं, त्यात टप्पे होते. रायगड घेतला की इतकं, विजापूर घेतलं की इतकं, भागानगर, औरंगाबाद, आणि शेवटचा सगळ्यात मोठा हप्ता दिल्ली घेतल्यावर. जिंजीच्या वेढ्यात अडकलेला राजा दिल्लीचा हप्ता लिहून देतो आहे! आपल्याला हे वाचून अभिमान वाटतो आणि वाटायलाच हवा. पण हिशेबाच्या भाषेत त्याला पुढची तारीख टाकलेला चेक म्हणतात.

आणि समोरून बादशहा रोख देत होता, मनसब देत होता. अथर अली यांनी मोजदाद केली आहे. हजारी आणि त्यावरच्या मनसबदारांमध्ये औरंगजेबाच्या राज्याच्या पहिल्या वीस वर्षांत २७ मराठे होते, तर १६७९ ते १७०७ या काळात ९६. शंभराच्या आसपास मराठे सरदार दुसऱ्या बाजूनं पगार घेत होते. काही जण दोनदोनदा बाजू बदलून आले. कुणी आला की वतन, गेला की जप्ती, परत आला की पुन्हा वतन. आज्ञापत्रात वतनदारांबद्दल जी कडवट सावधगिरी आहे, ती या वर्षांत स्वतः वतनं लिहून देणाऱ्या माणसाची आहे, हे लक्षात घेऊन वाचलं की ती वेगळीच लागते. रामचंद्रपंतांना काय विकलं जातंय ते ठाऊक होतं. राज्य वाचवायचं तर दुसरा मार्गही नव्हता.

म्हणून "आपले लोक विकले गेले का?" या प्रश्नाला माझं आजचं उत्तर असं आहे. किल्ले विकले, राज्य विकलं नाही. पण प्रत्येक गोष्टीला भाव असतो ही सवय त्या वर्षांत लागली, आणि ती युद्ध संपल्यावर गेली नाही. पुढे पेशवाईत तर 'दरबारखर्च' आणि 'अंतस्थ' ही हिशेबातली सदरंच झाली. चोरून द्यायची गोष्ट जमाखर्चात लिहिण्याइतकी रोजची झाली.

विकत घेतलेल्या गडाचं काय करायचं?

आता बादशहाकडे परत जाऊ. त्याच्या हातात किल्ले आले. सिंहगडाचं नाव त्यानं ठेवलं 'बक्षिंदाबक्ष', म्हणजे साधारण देवानं दिलेली देणगी. पैसे मोजून घेतलेल्या किल्ल्याचं हे नाव ठेवताना दरबारात कुणाला हसू आलं असेल तर त्यानं ते दाबलं असावं.

किल्ला घेतला की तो ठेवावा लागतो. वर माणसं ठेवायची, त्यांना धान्य पोचवायचं, त्यांना पगार द्यायचा. आणि पैसा संपत आला होता. अखेरच्या वर्षांत मुर्शिदकुलीखान बंगालमधून दरसाल एक कोटीच्या आसपास वसूल पाठवत असे आणि बऱ्याचदा छावणीचा मुख्य आधार तोच असे. म्हणजे ढाक्याकडचा शेतकरी भात विकून जो सारा भरत होता, त्यातून आंबा घाटातल्या किल्लेदाराचे दोन लाख निघत होते. त्या शेतकऱ्यानं विशाळगडाचं नावही ऐकलेलं नसणार.

तरी पगार पुरे पडत नव्हते. सैन्याचे पगार तीन-तीन वर्षं थकल्याचं जदुनाथ सरकार लिहितात. आता विचार करा. राजगडासारख्या एखाद्या गडावर मोगल शिबंदी बसली आहे. पगार नाही, दाणा वेळेवर येत नाही, पावसाळ्यात खालचा रस्ता बंद, आणि खोऱ्यात मराठे. आणि वर बसलेल्या प्रत्येकाला माहीत आहे, की आधीच्या किल्लेदारानं हाच गड सोडायचे पैसे घेतले होते. हे ज्ञान मोगलांनी स्वतःच, स्वतःच्या खर्चानं पसरवलेलं होतं.

व्हायचं तेच झालं. १७०५मध्ये औरंगजेब वाकिणखेड्याच्या वेढ्यात गुंतला, आणि मागे किल्ले परत जाऊ लागले. सिंहगड मराठ्यांनी घेतला, तो सोडवायला झुल्फिकारखानाला पाठवावं लागलं, त्यानं घेतला, आणि त्याची पाठ फिरताच रसदीवाचून तो पुन्हा गेला. सातारा गेला, पन्हाळा गेला. पन्हाळ्याला तर पुढे ताराबाईंनी आपली राजधानीच केली. थकलेला बादशहा जानेवारी १७०६मध्ये अहमदनगरला पोचला आणि पुढच्या वर्षी फेब्रुवारीत तिथेच वारला. साडेचार वर्षांची मोहीम आणि सात किल्ल्यांच्या पावत्या, त्यातलं हाती जवळजवळ काहीच राहिलं नाही.

लाच स्वस्त होती, यात शंका नाही. सहा दिवसांचा पगार. पण त्या पैशात दरवाजा उघडतो, दरवाजा राखणारा माणूस मिळत नाही. तो मिळवायला दर महिन्याच्या महिन्याला पगार लागतो, आणि त्या पगाराचेच पैसे वेढ्यांत, मोर्च्यांत, पुरात वाहून गेलेल्या हत्तींवर आणि खोट्या हजेरीवर संपलेले होते. माझ्या मामेबहिणीच्या भाषेत सांगायचं तर बादशहानं मालमत्ता घेतली आणि देखभालीचा खर्च धरायचाच विसरला.

शेवटची पावती

या गोष्टीला एक शेपूट आहे, आणि ते मला सगळ्यात जास्त बोचतं.

औरंगजेब मेल्यावर शाहू महाराज सुटून आले. गादी कुणाची यावरून ताराबाई आणि शाहू यांच्यात लढाई पेटली. १७०७च्या ऑक्टोबरात खेडला ताराबाईंच्या फौजेचा पराभव झाला. त्यांच्या बाजूनं लढणारे परशुराम त्र्यंबक मागे हटून साताऱ्याच्या किल्ल्यात शिरले. शाहूंनी वेढा घातला. किल्ला मजबूत, परशुरामपंत अनुभवी. वेढा लांबणार असं दिसत होतं.

किल्ल्याचा हवालदार होता शेख मिरा. त्याचं कुटुंब खाली वाईला होतं. शाहूंनी ते ताब्यात घेतलं आणि किल्ला दिला नाही तर त्यांना तोफेच्या तोंडी देऊ, अशी धमकी दिल्याचं ग्रँट डफ सांगतो. शेख मिरानं परशुरामपंतांनाच कैद केलं आणि दरवाजे उघडले. जानेवारी १७०८मध्ये साताऱ्याला शाहूंचा राज्याभिषेक झाला. शेख मिराच्या घराण्याला पुढे इनाम मिळालं, मान मिळाला.

साडेपाच वर्षांपूर्वी विशाळगडाचा दरवाजा ज्यांनी पैसे घेऊन उघडला, त्यांच्या पाठीमागून साताऱ्याचा दरवाजा दुसऱ्या कुणीतरी उघडला. यावेळी मोगल कुठेच नव्हते. दोन्ही बाजूला आपणच होतो.

परशुरामपंत नंतर शाहूंचेही प्रतिनिधी झाले. त्यांच्या एका मुलाच्या वंशजांकडे कोल्हापूर राज्यातली एक जहागीर स्वातंत्र्यापर्यंत चालत आली. ती जहागीर विशाळगडची.

मामेबहिणीला मी हे सगळं फोनवर सांगितलं. ती म्हणाली, "म्हणजे दोन लाखही मिळाले आणि गडही." मी म्हटलं, इतकं सोपं नाही. मग अर्धा तास मी जे सांगत बसलो, ते तुम्ही आता वाचलंत.

तोरण्याबद्दल तिनं शेवटी एक विचारलंच. तो तर लढून घेतला होता ना, मग तो तरी टिकला का? मार्च १७०४मध्ये अमानुल्लाखान २३ माणसं घेऊन रात्री दोराच्या शिडीनं कड्यावरून वर चढला होता. खरंच धाडसाचं काम. बादशहानं गडाचं नाव ठेवलं 'फुतुहुल्गैब', अदृश्यातून आलेला विजय. आणि तो किल्लाही काही वर्षांतच मराठ्यांकडे परत आला. वर बसलेल्यांना पगार नव्हता, आणि गड पैशानं घेतला होता की दोरानं, याच्याशी उपाशी शिबंदीला काही देणंघेणं नव्हतं.

पुढच्या वेळी बिनी दरवाजापाशी मी माझं वाक्य म्हणणार आहे. फक्त त्यानंतर थोडा थांबणार आहे, कुणी "कितीला?" विचारतं का ते बघायला.